कसलं निळं, ते सांगा

आदरणीय संपतराव आण्णांची आणि माझी पहिली भेट विट्याजवळच्या आमच्या गावतलावाच्या बांधावर झाली. मी दुकानांच्या पाट्या रंगवणारा माणूस. शाळा सातवीपर्यंत, रंग आणि पाखरं दोन्ही माझी मी शिकलो, हे सांगताना मला संकोच वाटत नाही. फ्लेक्स आल्यापासून सकाळ मोकळीच असते, म्हणून तलावावर जायचो. त्या दिवशी पांढऱ्या टोपीतले एक वयस्क गृहस्थ पाण्यात उगवलेल्या पाणकणसाच्या दाट बेटाकडे तोंड करून बसले होते. मी शेजारी टेकलो, तसं त्यांनी मान न वळवता विचारलं, "काय दिसतंय?"

"जांभळी पाणकोंबडी हाय. निळी."

"निळी कळली. कसलं निळं, ते सांगा."

आण्णांचं उभं आयुष्य दक्षिणेतल्या एका शहरात गलाईत गेलं. सराफांचं सोनं आटवून शुद्ध करायचं, मुशीतल्या रसाचा रंग बघून कस ओळखायचा, हे त्यांचं काम. पत्नी वारल्यावर भट्टी मुलाच्या हाती देऊन ते गावी परतले, तोवर नजर अधू झाली होती. लाल तेवढं उमटायचं, बाकी धुकं. गावात ओळखीचंही कुणी उरलं नव्हतं. त्यांच्या आळीतल्या निम्म्या घरांना कुलपं. माणसं गलाईला परमुलखात.

तेव्हापासून रोज सकाळी ते विचारत आणि मी सांगे. छाती मोरपंखी, पाठ जांभळ्याकडे झुकलेली निळी, डोकं राख फासल्यागत करडं. चोच आणि कपाळावरचा टिळा एकाच लाखेच्या लालीतले. पायांची बोटं एवढी लांब, की जलपर्णीवर टाकलेलं पाऊल बुडत नाही. चालताना शेपटी झटकते, तेव्हा खालचं पांढरं लकाकतं. आण्णांना अर्धवट वर्णन चालत नसे. मलाही चालत नाही, म्हणून आमचं जमलं. पाणकोंबडी पाणकणसाचा कोंब एका पायात धरून उभ्या उभ्या खाते, हे ऐकून ते हसले होते. "मंजी आमच्यावानीच की. भट्टी सोडवत न्हवती, तवा एका हातात भाकरी धरून आमी बी असंच जेवायचो."

पुढे यात्रेआधी गावानं तलाव स्वच्छ करायचं ठरवलं. सगळं पाणकणीस उपटायचं होतं. आण्णा काठी टेकत गेले आणि त्या बेटाच्या तोंडाशी चिखलातच बसले.

"आवं आण्णा, उठा. घाण काढतोय आमी," सरपंच म्हणाले.

"गलाईवाला सराफाच्या दुकानातला केर बी फेकत न्हाई. धुऊन बघतो, त्यात सोनं निघतं. तुमी न बघताच फेकाया निघालाय. आत पाणकोंबडीची अंडी हायती."

"तुमाला दिसत्यात व्हय?"

"मला न्हाई. ह्या पेंटरला दिसत्यात. इचारा त्याला."

सरपंचांनी मला विचारलं. वाळल्या पात्यांचं घरटं, त्यातली पिवळसर, तांबूस ठिपक्यांची अंडी मी बोटानं दाखवली. तो कोपरा राहिला. आजही आहे.

मी एकटा राहतो. एकदा तापानं अंथरुणाला खिळलो, तर आण्णा भिंती चाचपत माझ्या दारात आले. "आज काय दिसलं न्हाई, म्हणून आलो," एवढंच म्हणाले आणि संध्याकाळपर्यंत उशाशी बसून राहिले.

गेल्या दिवाळीत मुलगा त्यांना न्यायला आला. बांधावर माझ्यासमोरच म्हणाला, "आण्णा, तिकडं डॉक्टर हाय, नातवंडं हायती. हितं कोण हाय तुमचं?"

तेवढ्यात बेटातून पाणकोंबडीचा भोंग्यासारखा आवाज आला.

"हाय की," आण्णा म्हणाले.

मुलगा हसला, मला हसू आलं नाही. थोड्या वेळानं आण्णाच काठी शोधत उठले. "पर मी पडलो तर ती उचलाया यायची न्हाई. आणि पेंटर, तुमी तरी किती धावणार? चला, जाऊ."

ते गेले. ज्यासाठी मी हे लिहितोय, तो आण्णांच्या पंचाहत्तरीचा गौरवग्रंथ गाव काढत आहे, पण ज्यांचा गौरव, ते इथे नाहीत. सकाळी बांधावर बसलो की मी फोन लावतो. सुरुवातीला सगळं सांगू लागलो, तर ते म्हणाले, "तुमी गप बसा. फोन तिकडं धरा." मी हात लांब करून धरतो. आवाज आला, की पलीकडून एक हुंकार येतो. कधी बेट गप्पच असतं. आम्हीही गप्प असतो, फोन मात्र कुणी ठेवत नाही. मग आण्णा हळूच विचारतात, "कसलं निळं?" पाखरू दिसत नसलं तरी मी सांगतो. ते मला पाठ आहे.

आण्णांना उदंड आयुष्य लाभो, अंगात बळ राहो आणि त्यांचे कान शेवटपर्यंत असेच तल्लख राहोत. डोळे माझ्याकडे आहेत. ते मी सांभाळीन.