कल्हई केलेली नाणी

गल्लीत तिला सगळे फुंकणी म्हणत. अंगाने काटकुळी, आणि लग्न होऊन आल्यापासून हातात भात्याचा दांडा. नवरा कल्हईवाला. तो तांब्यापितळेची भांडी आतून उजळून द्यायचा आणि ती शेजारी बसून भाता मारायची.

"अगं, भाता मारतेस की माशा?" तो म्हणायचा.

"माशाच. तुमच्या मिशांवर बसणाऱ्या."

हा विनोद त्यांच्या संसाराइतकाच जुना होता, आणि दोघांनाही अजून त्याचं हसू येत असे.

कल्हईचं काम बघायला सोपं. भांडं तापवायचं, नवसागराची चिमूट टाकायची, पांढरा धूर उठला की कथलाची कांडी टेकवायची आणि पातळ झालेलं कथील कापसाच्या बोळ्याने भांडंभर फिरवायचं. काळंकुट्ट पातेलं बघता बघता आरशासारखं होतं. गिऱ्हाईक पातेलं घेऊन जातं. धूर मात्र कल्हईवाल्याच्या छातीत राहतो. नवऱ्याचा खोकला थंडी संपली तरी थांबेना, तेव्हा फुंकणीने मनाशी एक ठरवलं. याला धुरातून उठवायचं. भांड्यांचं लहानसं दुकान घ्यायचं आणि याला गादीवर बसवायचं.

भट्टीमागच्या भिंतीतली एक वीट सैल होती. तिच्यामागे तिने मडकं ठेवलं आणि त्यात चांदीची नाणी टाकू लागली. नवऱ्याला ती बोलली नाही. सांगितलं असतं तर त्याने पहिल्यांदा भावाचं कर्ज फेडलं असतं. तो तसाच होता.

त्या दिवसांत चांदीचं नाणं जवळ बाळगणं म्हणजे विस्तवाशी खेळ होता. समुद्रापलीकडून आलेल्या सरकारने देशातली जुनी नाणी बंद केली होती. ती ओबडधोबड असत, गावागणिक निराळी असत, पण कुणाचं कुठलं ते लोकांना हाताने कळायचं. त्यांच्या जागी चांदीचं नवं गोल गुळगुळीत नाणं आलं आणि त्याच्यावर राजाचं डोकं. राजाला कुणी पाहिलेलं नव्हतं. ज्याला कधी पाहिलं नाही त्याचा चेहरा खरा की खोटा, हे ओळखायचं कसं? मग काय, मातीचे साचे निघाले आणि कथील-शिशाचे राजे बाजारभर फिरू लागले. पैसेवाले तर आत काशाची भेसळ करत. ती नाणी खऱ्यापेक्षा खणखणीत वाजत. असली माणसं क्वचितच सापडायची.

सरकारने कायदा केला. ज्याच्या घरी कथील, शिसं, मूस आणि भाता सापडेल, त्याच्यावर नजर ठेवायची. कथील परवान्यावरच मिळायचं, तेही सरकारी दुकानातून. म्हणजे चोर सोडून संन्याशाला फाशी.

दर महिन्याला जमादार झडतीला येई. भट्टीपाशी उकिडवा बसून तो म्हणे, "कल्हईवाल्या, कारखाना तर सगळा मांडलायस. नाणी तेवढी कुठं लपवलीस?"

"लपवण्याइतकी झाली की पहिलं तुम्हालाच कळवतो, जमादारसाहेब."

दोघे हसत. फुंकणी भात्यावर वाकून विटेकडे न बघण्याचा प्रयत्न करी.

मग शेजारच्या तेलाच्या वखारीला आग लागली आणि गल्लीची एक बाजू दुपारच्या आत जळून गेली. माणसं वाचली, घरं गेली. राख निवल्यावर तिने हातांनी विटा उपसल्या. मडकं फुटलं होतं. नाणी होती, पण काळी ठिक्कर पडलेली, काही एकमेकांना चिकटलेली. तिने ती नवऱ्याच्या पुढ्यात ओतली.

त्याने एकमेकांना चिकटलेली दोन नाणी हातावर घेतली. मग म्हणाला, "माझ्यापासून लपवलंस?"

"तुमच्यासाठीच लपवलं. दुकान घ्यायचं होतं."

"दुकान!" तो हसायला गेला आणि त्याला खोकला आला. "मी गादीवर बसून काय करणार गं? माशा मारणार?"

पण नाणी त्याने एकेक करून तिच्या पदरात घातली, लहान मूल उचलावं तशी.

दुसऱ्या दिवशी ती वाण्याकडे गेली. वाणी जुना, उधारी देणारा, तिला वहिनी म्हणणारा. त्याने एक नाणं दगडावर आपटलं. बद्द आवाज आला. विस्तवात तापून चांदी मऊ पडली होती, तिचा नाद गेला होता.

"वहिनी, हे नाणं नाही, खापर आहे."

"खरं आहे हो. मुलांची शपथ घेतली असती, पण मुलंच नाहीत."

वाणी ओशाळला. "एक ठेवून जा. ओळखीच्या सराफाला दाखवतो. बाकीची मात्र कुणाला दाखवू नका."

पण थांबायला वेळ कुठे होता? आगीतून निघालेली माणसं दुसऱ्याच्या ओसरीवर किती दिवस काढणार? एका खोलीच्या मालकाने सांगितलं होतं, उद्या आगाऊ भाडं आणलंत तर खोली तुमची, नाहीतर दुसरं बिऱ्हाड तयार आहे. तिने नवऱ्याकडे बघितलं.

"जगाची भांडी उजळता. माझी नाणी तेवढी काळी राहायची का?"

"नाण्याला कथील? जमादार काय म्हणेल?"

"आपली नाणी, आपली भट्टी. कोणाची चोरी आहे?"

तो कचरत होता. घर जळालं तरी भट्टी शाबूत होती, आणि भाता तिने आगीतून ओढून काढला होता. तिने त्याचा दांडा हातात घेतला आणि नवऱ्याच्या तोंडाकडे न बघता मारू लागली. कोळसे लाल झाले. कारागिराला तापलेली भट्टी सोडवत नाही. त्याने सांडशीत नाणं धरलं, नवसागर टाकला, कथील फिरवलं. राजाचं डोकं लख्ख निघालं. मग दुसरं. मग सगळी. पुष्कळ दिवसांनी तो शीळ घालत होता.

एक गोष्ट दोघांना माहीत नव्हती. तांब्यावर कथील बसतं, चांदीत मात्र ते शिरतं आणि तिला आतून खातं. सगळा जन्म या कामात घालवून कल्हईवाल्याला हे कळलं नव्हतं, कारण त्याच्याकडे चांदीचं भांडं कल्हईला कोण आणणार?

खोलीच्या मालकाने पहिलंच नाणं उंबऱ्यावर आपटलं आणि त्याचे दोन तुकडे झाले.

जमादार आला तेव्हा हसला नाही. "पहिलं मलाच कळवणार होतास ना रे?" एवढंच म्हणाला, आणि ते त्याने रागाने म्हटलं नव्हतं.

कोर्टात खजिन्याच्या पारख्याने कात्रीने नाणी कापून दाखवली. खरं नाणं चामड्यासारखं कापलं गेलं. त्यांचं नाणं कडक भाकरीसारखं तुटलं, आत करडं.

"यात चांदी आहे?" दुभाष्याने साहेबाच्या वतीने विचारलं.

"आहे. कथीलही आहे."

फुंकणीने सगळं सांगितलं. नाणी माझी. आगीत सापडली. कल्हई करा म्हणून मीच सांगितलं. साहेबाने ऐकून घेतलं, आणि दुभाष्या तिच्याकडे वळला. "साहेब विचारतात, कथील न लावलेलं असं एखादं नाणं आहे का?"

कल्हईवाल्याने पिंजऱ्यातून मान वर केली. त्याच्याआधी तीच म्हणाली, "आहे! एकाकडे ठेवायला दिलंय."

साहेबाने पुढची तारीख दिली. ती कोर्टातून तशीच अनवाणी, चपला विसरून, वाण्याकडे गेली.

वाणी तराजूचं पारडं पुसत होता. तिचं बोलणं संपलं तरी पुसतच राहिला.

"ते नाणं नाही आता, वहिनी."

"नाही म्हणजे? सराफानं ठेवलं?"

"सराफाकडे गेलोच नाही. तुम्ही गेल्यावर सहज राखेनं घासलं, मग लिंबू लावलं. चांगलं निघालं. सरकारात भरायच्या साऱ्याच्या थैलीत टाकलं. खजिन्यात थैल्या तोलून घेतात, एकेक नाणं कोण वाजवतो? चाललं."

ती खाली बसली. "नुसतं घासून?"

"नुसतं घासून."

"म्हणजे नाणं खरं होतं."

"खजिन्यात गेलं म्हणजे खरंच की."

"मग एवढंच येऊन सांगा. एवढंच. तुमच्या पाया पडते."

"काय सांगू? बद्द वाजणारं नाणं सरकारच्या गळ्यात मारलं म्हणून? मलाही त्याच्या शेजारी उभं करतील." मग आवाज खाली आणून तो म्हणाला, "माझं नाव घेऊ नका, वहिनी. घेतलंत तर मला म्हणावं लागेल की, खोटं नाणं चालवायला तुम्हीच दिलं होतं. मग त्याचा गुन्हा दुप्पट होईल. मलाही बायकोपोरं आहेत."

त्याने तिच्या पदरात शेरभर धान्य घातलं. ते त्याच्या तोंडावर फेकावं असं तिला वाटलं. पण तिच्याजवळ दाणा नव्हता, म्हणून तिने पदराला गाठ मारली.

पुढच्या तारखेला दुभाष्याने विचारलं, "नाणं आणलंस?"

"सापडत नाही," ती म्हणाली.

साहेबाने मान हलवली, जणू त्याला हे आधीच ठाऊक होतं. शिक्षा सात वर्षांची झाली. बाजारात काशाचे राजे खणखण वाजत फिरतच होते.

तुरुंगात त्याला कसलं काम मिळावं? कैद्यांच्या स्वयंपाकाच्या हंड्यांना कल्हई करायचं. तिथे कथलाला परवाना लागत नव्हता. भाता दुसरा एक कैदी मारायचा.

"तो काय मारतो!" भेटीला गेल्यावर तो जाळीतून म्हणाला. "माशासुद्धा उठत नाहीत." मग खोकला आला, आणि तो थांबेपर्यंत भेटीचा अर्धा वेळ गेला. मग हळूच त्याने विचारलं, "एक सांग. ती नाणी आधी नुसती घासून बघायला हवी होती का गं? राखेनं वगैरे? माझ्या डोक्यातच आलं नाही. मला सगळं कल्हईनंच करायची सवय."

तिने जाळीला बोटं लावली.

"मी घासलं होतं एक," ती म्हणाली. "तुम्हाला दाखवायच्या आधी. नाही निघालं. आग आत गेली होती."

"खरं?"

"खरं."

त्याने श्वास सोडला. "मग ठीक. मग माझ्या हाताचा दोष नाही."

पुढच्या भेटीत त्याने पुन्हा तेच विचारलं, तिने पुन्हा तेच सांगितलं. जितक्या वेळा भेटले तितक्या वेळा. शिक्षा अर्धीही झाली नव्हती तेव्हा छातीने त्याला नेलं. निरोप आला तोवर तुरुंगवाल्यांनी त्याला पुरलंही होतं.

फुंकणी त्याच्यानंतर पुष्कळ जगली. एका मोठ्या इस्पितळाच्या स्वयंपाकघरात ती भांडी घासायला राहिली. नव्या बायका करपलेलं पातेलं घेऊन यायच्या आणि म्हणायच्या, "मावशी, हे काही निघत नाही, कल्हईला टाका." ती ते हातातून ओढून घेई. राख घेई, लिंबाचं साल घेई, आणि नखं झिजेस्तोवर घाशी. काळं निघून खालचं पितळ दिसू लागे. घासून निघालं नाही असं एकही पातेलं कधी राहिलं नाही. बायका वाहवा करायच्या. ती मात्र पातेल्याकडे न बघता ते फरशीवर पालथं घालून दुसरं पुढ्यात ओढी.