सिग्नल तोडणारी दुपट्टेवाली

शाळेची व्हॅन चालवायला लागून मला दहा वर्षं झाली, आणि पहिल्या दिवसापासून सासूबाईंचं तोंड सुरू. "बाईमानसानं गाडी चालवाव काय? लोक काय मनतीन?" अकोल्यातल्या लोकांना दुसरा उद्योगच नाही, असा त्यांचा पक्का समज.

यंदा शाळेनं फर्मान काढलं. प्रत्येक ड्रायव्हरनं आपला ऑनलाइन रेकॉर्ड छापून आणायचा. डाग दिसला की व्हॅन बंद. मी म्हटलं, आणते की! आजवर साधा आरसा फोडला नाही कुणाचा. ऐटीत मोबाइल घेऊन बसले. लायसन्स चकाचक. मग माझ्या नावावरच्या स्कूटीचा नंबर टाकला, आणि माय वं! लाल सिग्नल तोडल्याचा दंड. रविवार, भर दुपार, सोबत फोटो.

फोटोत एक बाई. डोक्याला, तोंडाला दुपट्टा गुंडाळलेला, वर काळा चष्मा. आमच्याकडं उन्हाळ्यात सगळ्याच बाया अशा दरोडेखोरासारख्या फिरतात. दुपट्टा माझा, स्कूटी माझी. त्या वेळी मी घरी घोरत होते, पण घोरण्याला साक्षीदार कुठून आणू? त्या व्हॅनशिवाय माझी स्वतःची अशी दुसरी कमाईच नव्हती.

मग फोटो मोठा करून पाहिला. दोन्ही पाय फाकवून रस्त्याला टेकायच्या बेतात, आणि पायात जाड रबरी चप्पल. ही चप्पल मी रोज आमच्या मोरीपाशी ओलांडते.

"आत्याबाई, रविवारी कुठं गेल्या होत्या?" मी सासूबाईंना विचारलं.

"भजनाले."

"कशावर?"

मी फोटो पुढं केला. वाटलं, आता रडतील. कसलं काय! "तुले येते, मंग मले काऊन येनार नाही? चार रविवारपासून शिकून राहिली मी. थो सिग्नल मधातच लाल झाला!"

माझं डोकंच फिरलं. मला बोल लावणारी बाई माझ्याच स्कूटीवर, माझ्याच दुपट्ट्यात! "आता शाळेत मॅडमला काय सांगू मी?" मी ओरडले. सकाळी उठून पाहते तर त्या पातळ नेसून दारात उभ्या. "चाल."

मुख्याध्यापिकेनं फोटो पाहिला, मग मला पाहिलं. "या तुम्हीच ना?"

"थे नाही, मी हावो," सासूबाई म्हणाल्या. मॅडमचा विश्वास बसेना. तर या बाईनं माझ्या गळ्यातला दुपट्टा ओढून तोंडाला गुंडाळला, पिशवीतला काळा चष्मा चढवला आणि खुर्चीवर पाय फाकवून बसून दाखवलं. शिपाई तोंड दाबत बाहेर पळाला.

"आजी, लायसन्स?"

"नाही ना बाई. मले काय करायचं थे करा, पन हिची गाडी बंद करू नका. लेकरायले लय जपून आनते हे. मी हिले इतकी वर्स टोचून बोलली, काऊन का मले येत नोतं."

मॅडमनी माझ्या कागदावर सही केली. या बाईसाठी मी एकेक उत्तर धार लावून ठेवलं होतं, वर्षानुवर्षं. ती सगळी तशीच ठेवून मी म्हटलं, "चला आत्याबाई, आधी तुमचं शिकाऊ लायसन्स काढू."