चाळीस स्थळांचा गुणाकार

बी.एस्सी. झाल्यावर मला धुळ्यात नोकरी लागली आणि उठसूट गुणाकार करायची खोडही. घरात कुणी सुस्कारा टाकला, की मी पेन्सिल काढायचो.

सत्तरच्या आसपासची गोष्ट. धाकट्या बहिणीचं लग्न अडलं होतं. तिच्या कोपराजवळ चिंचोक्याएवढा पांढरा डाग होता. वाढत नव्हता, पण लोक त्याला कोडच म्हणणार.

"आई, घाबरतेस कशाला? चोपडा, रावेर, बोदवड, जळगाव, धुळे. पाच गावं. गावात आपल्यातली चार-चार घरं. घरटी दोन मुलगे. पाच चोक वीस, वीस दुणे चाळीस!"

"चाळीस जावई बसवू कुठं रे?" आमचे वडील, नाना, म्हणाले. कितीतरी दिवसांनी घर हसलं.

आईला डागाचं आधीच सांगायचं होतं. मीच अडवलं. "चोपड्याच्या एका घरापुरतं झाकून बघू. बिघडलंच, तर अडतीस उरतात."

लांब बाह्यांचं पोलकं शिवलं. चोपड्याची मंडळी आली, पोहे झाले. मुलाच्या आत्यानं बहिणीला जवळ घेतलं. "बघू गं, बांगड्यांचं माप काय तुझं?" म्हणत बाही वर सारली. चहा तसाच राहिला.

आठ दिवसांत रावेरहून कार्ड आलं, मुलाचा यंदा विचार नाही. मग बोदवडहून तेच. जळगावच्या एका घरानं तर आम्ही विचारायच्या आतच नकार कळवला. मी आपला वजाबाकी करतोय: छत्तीस, चौतीस, बत्तीस. शेवटी आम्हाला स्थळं सुचवणारे म्हातारे आबा तंबाखू मळत म्हणाले, "भाऊ, चोपडानी पोर रावेरले दिन्ही, रावेरनी बोदवडले. हाई बठ्ठं एकच घर शे." म्हणजे सगळी मिळून एकच घर.

एका ठिकाणच्या निवडीचा दुसऱ्या ठिकाणच्या निवडीशी संबंध नसेल, तरच गुणाकार करायचा. परीक्षेत ही अट लिहून मी पूर्ण मार्क मिळवले होते.

बहिणीनं एकदाच विचारलं, भांडी घासताना. "दादा, आधीच सांगितलं असतं, तर एखाद्यानं हो म्हटलं असतं का रे?"

"कुणास ठाऊक."

"तुला तर सगळं मोजता येतं," ती म्हणाली, आणि पुढचं पातेलं घेतलं.

आता आम्ही दोघंही पन्नाशीकडे झुकलोय. ती माझ्याच घरी असते. माझ्या मुलींकडून पाढे तीच पाठ करून घेते. तेवढा वेळ मी ओट्यावर जाऊन बसतो.