ताजियाला पहिला हात

जबलपूरजवळच्या आमच्या पनागरात ताजिया, म्हणजे ताबूत, उचलायचा एक रिवाज होता. मोहरमच्या दहाव्या दिवशी दुपारी ताजिया चौथऱ्यावर सजून तयार असे, ताशे शेकून ठेवलेले असत, खांदा देणारी पोरं कमरेला पट्टे आवळून उभी असत; पण काका येऊन बांबूला हात लावेपर्यंत तो जागचा हलत नसे.

काका म्हणजे आमच्या समोरच्या घरातले; अब्बा त्यांना भाऊसाहेब म्हणत. हिंदू, मराठी, गावचे जुने मालगुजार, म्हणजे गावाचे मालकच. त्यांचे पूर्वज विदर्भातून इकडे आले तेव्हा गाद्या भरणारं आमचं पिंजाऱ्याचं घर सोबत घेऊन आले. त्यामुळे सगळ्या हिंदी गल्लीत मराठी बोलणारी घरं दोनच. एक त्यांचं, एक आमचं.

काका चपला काढून चौथऱ्यावर चढत. आधी उजवा हात बांबूला लावत, मग खांदा. अब्बा ओरडत, "हात लागला, चला!" आणि ताशा सुरू होई. तलावावर ताजिया पाण्यात बुडवून थंडा करून परत आले की काका आमच्या ओट्यावर बसून सरबत पीत. त्यासाठी आपला पितळी गडवा घरून आणत. लहानपणी मला वाटायचं, मोठ्या माणसांना तहान मोठी लागते, म्हणून गडवा.

मी शिकले ती काकांमुळे. हे मी सगळ्यांना सांगते आणि मरेपर्यंत सांगेन. बारावीनंतर अब्बा माझ्यासाठी स्थळं बघू लागले तेव्हा काकांनी त्यांना भर ओट्यावर झापलं, "काहून घाई करून राहिला रे? पोरगी हुशार आहे. गाद्या भरायले तू आहेस ना अजून!" मग स्वतः स्कूटरवर बसवून मला जबलपूरच्या कॉलेजात घेऊन गेले. आमच्या घराण्यात पदवी घेणारी मी पहिली. आता मी जबलपूरलाच एका खाजगी कॉलेजात इतिहास शिकवते.

वर्गात हा रिवाज मी फार कौतुकानं सांगायची. मराठ्यांच्या राज्यात मोठमोठ्या सरदारांच्या घरून ताजिये निघत, हिंदू बाया नवस बोलून आपल्या पोरांना मोहरमचे फकीर करत, हिरवा धागा बांधत. हे सांगत सांगत मी आमच्या चौथऱ्यावर येऊन थांबायची. एकदा मागच्या बाकावरून एका मुलानं विचारलं, "मॅडम, मतलब राज करने वालों की तरफ से छूट मिली थी ना?"

मला राग आला. म्हटलं, छूट नाही, प्रेम होतं. बैठ जाओ.

काका गेल्या हिवाळ्यात वारले. या मोहरमला पहिला हात त्यांच्या मुलानं लावायचा होता. मी त्याला दादा म्हणते. एकाच ओट्यावर आम्ही पाढे पाठ केले. तो जबलपुरात बँकेत अधिकारी आहे, नव्या कॉलनीत राहतो. मोहरमच्या आठवडाभर आधी अब्बांनी मला त्याच्याकडे पाठवलं. वहिनींनी चहा दिला आणि आत गेल्या त्या बाहेर आल्याच नाहीत.

दादा म्हणाला, "मागच्या वर्षीचा बाबांचा ताजियाला हात लावतानाचा फोटो कोणीतरी कॉलनीच्या ग्रुपवर टाकला होता. बाजूला मी. लोकं काय काय बोलले, तुला माहीत नाही."

"काय बोलले?"

"जाऊ दे ना यार. पोरांना इथेच खेळायचंय."

"मग अब्बांना काय सांगू?"

"सांग, बघतो."

"दादा, येतो म्हण नाहीतर येत नाही म्हण. ते वाट बघतील."

"बघतो म्हटलं ना!" असं म्हणून तो माझ्यासाठी रिक्षा बघायला खाली उतरला.

अब्बांना मी 'बघतो' एवढंच सांगितलं. ते म्हणाले, "येईल तो. त्याच्या बापानं कधी खाडा नाही पाडला."

या वर्षी पोलीस ठाण्यातल्या शांतता बैठकीत बजावलं होतं की ताजिया विजेच्या तारांना लागता कामा नये आणि दिवस बुडायच्या आत तलावावर पोचला पाहिजे. अब्बांनी वरचा घुमट कमी केला. हिरवी-लाल चमकी पन्नी खळीनं चिकटवताना ते कोणाला हात लावू देत नव्हते.

दहाव्या दिवशी दुपार कलली तरी दादाचा पत्ता नव्हता. बाया कडेवरच्या पोरांना बरकतीसाठी ताजियाखालून नेत होत्या. ताशे दोनदा शेकून झाले. माझा चुलतभाऊ, जो आताशा ताजिया इस्लामात बसत नाही म्हणून त्यालाच नाक मुरडतो, अब्बांजवळ येऊन म्हणाला, "चाचा, हमारे हाथ टूटे हैं क्या?"

"तू गप्प बस," अब्बा म्हणाले.

तेवढ्यात माझ्या फोनवर दादाचा निरोप आला. 'बँकेत अर्जंट काम निघालं. तुम्ही चालू करा.'

त्या दिवशी बँकेला सुटी होती. मोहरमची.

"तो येऊन नाही राहिला," मी अब्बांना सांगितलं.

"रस्त्यात असंल."

"नाही अब्बा. येत नाही म्हणून कळवलंय."

ते रस्त्याकडेच बघत राहिले. मग बंदोबस्तावरचे थानेदार साहेब आले. "क्या हुआ, मियाँ? शाम होने को है, उठाओ!"

अब्बांनी हात जोडून सगळा रिवाज समजावून सांगितला. साहेब हसले. "बस, इतनी सी बात? हिंदू तो हम भी हैं."

आणि ते बुटांसकट चौथऱ्यावर चढले. एका हातात वॉकी-टॉकी होता, दुसरा त्यांनी बांबूवर ठेवला. शिपायानं फोटो काढला. "लो, लग गया हाथ. अब उठाओ भई, ऊपर जवाब मुझे देना है."

सगळी पोरं अब्बांकडे बघू लागली. अब्बांची नजर साहेबांच्या बुटांवर होती. ते म्हणाले, "हात लागला. चला." शेजारी उभ्या असलेल्या मलाच ते जेमतेम ऐकू आलं.

ताजिया उठला आणि माझ्या डोक्यात तो मागच्या बाकावरचा शब्द घुमू लागला. छूट. काकांच्या आजा-पणजाचा हात तरी दुसरं काय होता? ज्याचं गाव त्याचा हात. तो लागेपर्यंत आमचं दुःखसुद्धा रस्त्यावर यायचं नाही. आता गाव ठाण्याचं, म्हणून हात ठाण्याचा. इतकी वर्षं मी ज्याला प्रेम म्हणून शिकवलं ते बहुधा परवानगीवर उगवलेलं प्रेम होतं. परवानगीचं मूळ तुटलं नव्हतं, वरचं प्रेम तेवढं वाळलं.

दुसऱ्या दिवशी हिंदी पेपरात फोटो आला. साहेबांचा हात, ताजियाची पन्नी, खाली 'सौहार्द की मिसाल'. दादानं तोच फोटो मला पाठवला. 'बघ, झालं ना छान?'

अब्बांनी पेपर डोळ्यांजवळ धरला. "मी कुठं आहे यात?"

फोटोच्या कडेला त्यांची चार बोटं आली होती. मी दाखवली.

मला राहवलं नाही. म्हटलं, "अब्बा, ते हात लावणं म्हणजे परवानगी होती. मालकाची परवानगी. आपण उगाच त्याला दोस्ती समजत आलो."

त्यांनी पेपर घडी करून गादीखाली सारला. "मले माहीत नाही काय? माझा आजा सांगे, मालकाचा हात लागला की रस्त्यात कोणी आडवं येत नाही."

"माहीत होतं? मग त्यांचा गडवाही..."

"गडवाही दिसे मले. आंधळा होतो काय मी?" ते म्हणाले, "पण भाऊसाहेब चपला काढून यायचे. बोलवायले नाही जावं लागलं कधी."

माझ्या पुस्तकांत काढलेल्या चपलांचा हिशेब कुठे नाही.

तलावावरून परत आणलेला ताजियाचा सांगाडा ओट्यावर पडला होता. दर वर्षी तो सुकवून माळ्यावर जाई आणि पुढच्या मोहरमला त्यावरच नवी पन्नी चढे. अब्बा उठले, त्याच्याभोवती एक फेरी मारली, मग आतल्या खोलीच्या कोनाड्याकडे बघितलं आणि पुन्हा सांगाड्याकडे.

"पुढच्या वर्षी घरातच बसवू," ते म्हणाले. "कोणाच्या हाताची गरज नाही पडणार."

आणि त्यांनी माझ्याकडे करवत मागितली. मी आणून दिली.