सुधारलेला रोबोट

एका जुन्या परदेशी अंतराळपटाच्या निरनिराळ्या प्रती जपणारा एक गट इंटरनेटवर आहे. कुठल्या प्रतीत काय कापलं, कुठं आवाज बदलला, याची नोंद तिथं मिनिटांसकट असते. असलं काम मला आवडतं, म्हणून माझ्याकडच्या व्हिडिओ कॅसेटवरची प्रत मी उतरवून त्यांना दिली. कळंबच्या व्हिडिओ सेंटरात आम्ही लहानपणी हीच पाहिली होती. मूळ सिनेमापेक्षा अकरा मिनिटांनी कमी, आणि आवाज कुणा दखनी, म्हणजे आपल्याकडची मराठी मिसळलेली उर्दू बोलणाऱ्या मंडळींचे. माणसं रोबोटला मोडायला येतात तेव्हा तो म्हणतो, "नक्को मियाँ, नक्को." आमच्या भागात ते कुणाला समजावून सांगावं लागत नसे.

परवा गटाच्या पानावर तो सिनेमा लावून पाहिला तर रोबोट "कृपया रुक जाइए" म्हणत होता. मी गटाच्या पुण्यातल्या प्रमुखाला फोन लावला.

"काका, ते हिंदी फारच गावठी होतं. नवा आवाज भरून मी सुधारलं."

"आणि माझी प्रत?"

"काढून टाकली. एकाच सिनेमाच्या दोन कशाला ठेवायच्या?"

प्रती जपणाऱ्या गटाचा प्रमुख हे बोलत होता. मला किळस आली. कॅसेटला बुरशी लागलेली, ती उतरवून होताच तुटली होती. तो आवाज आता फक्त माझ्या कॉम्प्युटरवर उरला होता.

"आता परत त्यालाच देऊ नका म्हणजे झालं," बायको म्हणाली.

मी गट सोडला, प्रत दुसऱ्या संग्रहात चढवली आणि खाली लिहिलं, 'भाषा दखनी आहे, चुकलेली नाही. कुणी सुधारू नये.'