सनावरचा खटला

चहा घ्या आधी. हे ऐकल्यावर तुम्ही मला न्याय, तत्त्व वगैरे शब्द परत तोंडातून काढू देणार नाही.

कर्वेनगरच्या फ्लॅटमध्ये मी आणि माझी रूममेट सना एक मालिका बघत होतो, रोमन ग्लॅडिएटरांची. नायकाच्या बायकोला मारतात, त्याला गुलाम करून रिंगणात उतरवतात, मग तो सूड घेत सुटतो. त्याला एकच जिवाभावाचा मित्र. नावं विचारू नका, मला सगळी सारखीच वाटतात. आमचं ठरलं होतं, एकटीने पुढे बघायचं नाही. शेवटचा भाग तर मुद्दाम रविवारसाठी राखलेला, कारण सोमवारी सना नोकरीसाठी बंगळुरूला जाणार. आमची एकत्र शेवटची संध्याकाळ.

आणि मला संशय आला.

कोणी मरणार असलं की सना बरोबर त्याच्या आधी उठायची. कधी पाणी आणायला, कधी गॅस बंद आहे का बघायला. हिला कळतं कसं? मग मी पडद्याऐवजी तिच्याकडेच बघायला लागले. नायक बायकोच्या आठवणीने ढसाढसा रडतोय आणि ही शेंगा सोलतेय. पहिल्यांदा बघणारं माणूस अशा वेळी शेंगा सोलेल का, तुम्हीच सांगा.

मी खडा टाकून पाहिला. "शेवटी काय होईल गं?"

"मला काय माहीत?"

किती सफाईने म्हणाली बघा.

विश्वासघात पाहून गप्प बसणाऱ्यातली मी नाही. शनिवारी ती बाहेर खोकी बांधत होती, तेव्हा मी दार लावून, कानात इअरफोन घालून, फोनवर शेवटचा भाग बघून टाकला. फिटंफाट.

रविवारी सनाने भेळ केली, लॅपटॉप उशीवर ठेवला. मी म्हटलं, "नाटक पुरे. तू सगळं आधीच बघितलंयस."

"काय?"

"कोणी मरायच्या आधी उठतेस. कसं कळतं तुला?"

"अगं, ढोल वाजतात की. पहिल्या भागापासून. मला रक्त बघवत नाही म्हणून उठते."

इथे शहाणं माणूस थांबलं असतं.

"खोटं बोलू नकोस. मित्रच दगाबाज निघतो आणि नायक त्याला मारतो, हे तुला माहीत नव्हतं?"

सनाने चमचा खाली ठेवला. "नव्हतं. तुला कधी कळलं?"

काय सांगणार? "काल."

"मी खोकी बांधत होते तेव्हा?"

"हो."

"मदतीला ये म्हटलं तर डोकं दुखतंय म्हणालीस."

तिने लॅपटॉप मिटला. भेळ मऊ पडली, तरी आम्ही ती संपवली.

सोमवारी गाडीतून तिचा मेसेज आला. "बघितला. मित्र निर्दोष होता. अगदी शेवटी कळतं."

ते अगदी शेवटचं मी बघितलंच नव्हतं. मित्र मेला, सूड पूर्ण झाला, म्हणून मी समाधानाने फोन बंद केला होता.