पद्माकाकूंचा परवाना

रामघाटावरच्या पद्माकाकू उकिडवे यांना स्वतःचं मूल झालं नाही, पण त्यांच्या अंगाखांद्यावर खेळून गेलेल्या पोरांची मोजदाद त्यांनाही करता आली नसती. वाईहून लग्न होऊन काशीला आल्या तेव्हा सतरा-अठरा वर्षांच्या असतील. नवरा विश्वेश्वरशास्त्री, धंदा तीर्थोपाध्यायाचा. देशावरून, कोकणातून, वऱ्हाडातून माणसं अस्थी घेऊन यायची, उकिडव्यांच्या अरुंद घरात वरच्या मजल्यावर उतरायची आणि दुसऱ्या दिवशी शास्त्रीबुवांबरोबर मणिकर्णिकेच्या स्मशानघाटावर जायची. तिथं लहान पोरं कुठं न्यायची? मग ती काकूंजवळ ठेवायची. आई-बाप रडून, बुडी मारून परत येईपर्यंत पोरं मेतकूट-भात खाऊन गाढ झोपलेली असायची. दुःखात आलेल्या माणसाला आपलं पोर असं झोपलेलं दिसणं, यापरतं पुण्य काशीतही मिळत नाही. हे मी म्हणतो, काकू असलं काही म्हणायच्या नाहीत. पोर कशानं रडतं एवढं त्यांना कळायचं आणि त्यांना तेवढं पुरे होतं.

आता त्यांची दुसरी बाजूही सांगायला हवी, नाहीतर ही आरती होईल. काकूंचं सोवळं फार कडक. स्वयंपाकघरात जाताना सोवळ्याची लोकरी धाबळी नेसायची, आणि मग वाऱ्यानंही शिवू नये असा कारभार. शास्त्रीबुवा मणिकर्णिकेवरून आले की चौकातल्या नळाखाली डोक्यावरून पाणी घेतल्याशिवाय त्यांना पायरी चढता येत नसे. दीर दिनानाथ थोडा आधुनिक. तो म्हणायचा, "वहिनी, आपली चूल पेटते ती मणिकर्णिकेच्याच जिवावर, आणि तिथल्याच राखेचा तुम्हाला विटाळ!" काकू ऐकून न ऐकल्यासारखं करायच्या. एक सूट मात्र त्यांच्या शास्त्रात होती. पोरांना विटाळ नसतो. यजमानांची पोरं बेधडक स्वयंपाकघरात रांगत जायची, पिठात हात घालायची, आणि काकू हसायच्या.

शास्त्रीबुवा गेले. दिनानाथने काम पुढे चालवलं. आणि त्यानंतर दोनेक वर्षांनी कस्तुरी आली.

एक उंच, गप्प माणूस दीड वर्षाच्या मुलीला खांद्यावर घेऊन आला. बायको काशीतच इस्पितळात वारली होती. मुलगी काकूंजवळ ठेवून तो दिनानाथबरोबर मणिकर्णिकेवर गेला. दिनानाथने गोत्र विचारलं, तर म्हणाला, ठाऊक नाही. ज्याला गोत्र ठाऊक नाही त्याचं काश्यप, हा आमच्याकडचा सोयीचा तोडगा. ते लावून दिनानाथने संकल्प सोडला. चिता पेटली, निम्मी जळली, तेव्हा तो माणूस म्हणाला, "तोंड धुऊन येतो." तो पायऱ्या उतरून गेला तो गेलाच. बुडाला म्हणावं तर कुणी पाहिलं नाही. सांगितलेल्या गावी त्या नावाचा माणूसच नव्हता. चौकीवरच्या हवालदाराने कागदावर लिहून घेतलं आणि हात जोडले, "माताजी, बच्ची आप ही के पास ठीक है. हम कहाँ रखेंगे?"

अशी ती राहिली. नाव काकूंनी ठेवलं. मुलगी काळीसावळी, तरतरीत, बोलायला लागली ती निम्मं मराठी आणि निम्मं गल्लीतलं हिंदी. काकूंच्या मागे मागे स्वयंपाकघरात असायची, लाटणं घेऊन बसायची. "काकू, मेरी पोळी गोल नाही होत!" असं ओरडायची. काकूंना पन्नाशीत जे मिळालं ते जाईल याचं त्यांना इतकं भय वाटायचं की रात्री तिच्या फ्रॉकचं टोक त्या मुठीत धरून झोपायच्या. त्या वयाच्या बाईने जीव लावला की तो पार मुळापासून लागतो.

पुढे बँकेतले, शाळेतले नोकरदार मराठी लोकही आपली पोरं दिवसभर काकूंकडे ठेवू लागले. देवश्री त्यांतली एक. नवरा बँकेत बदलून आलेला, ती शाळेत शिकवायची. तिचा मुलगा आणि कस्तुरी एकाच वयाची. सगळं सुरळीत चाललं होतं आणि चौऱ्याण्णव साली सरकारी माणूस दारात उभा राहिला. बेवारस मूल असं खाजगी घरात ठेवता येत नाही. एक तर ते सरकारी बालगृहात जाईल, नाहीतर या घराला शिशुगृहाचा परवाना लागेल.

"मग दत्तक घेते," काकू म्हणाल्या. वकिलाने मान हलवली. बाप मेल्याचा पुरावा नाही, तुम्ही विधवा, तुमचं वय हे असं. खटला चालेल तोवर मुलगी बालगृहातच राहील. दिनानाथ म्हणाला, "वहिनी, परवान्याची दरख्वास्त देऊन टाकू. पोरं तर आपण सांभाळतोच आहोत. कागद नाही, एवढंच."

मग काकू कामाला लागल्या. वरच्या मजल्याला खिडकी पाडली. जिन्याला कठडा बसवला. मोरी वेगळी केली, औषधांची पेटी आणली, दारावर पाटी लावली. पाटी लागली त्या दिवशी कस्तुरी तिच्याखाली उभी राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होती, "ये हमारा ऑफिस है." शेवटी एकच राहिलं, तपासणी. अधिकारी येणार, घर बघणार, मोरी बघणार, स्वयंपाकघर बघणार, आणि शेरा लिहिणार. त्या शेऱ्यावर कस्तुरी राहणार की जाणार ते ठरायचं होतं.

आदल्या दिवशी दिनानाथ वहिनींसमोर बसला. "एक मागतो. उद्या धाबळी नेसू नका. अधिकारी बाई आहे म्हणतात. कोण असेल, कुठली असेल, माहीत नाही. ती जिथं जाईल तिथं जाऊ द्या."

"मला एवढं कळत नाही का, भाऊजी?" काकू चिडल्या. "पोरीसाठी मी सोवळं गंगेत सोडीन."

आणि खरंच, सकाळी त्यांनी धाबळी घडी करून फडताळात ठेवली. साधं सुती पातळ नेसल्या. देवश्री रजा काढून मदतीला आली. शाळेतल्या नायलॉनच्या साडीतच ती स्वयंपाकघरात शिरली आणि चहाचं आधण ठेवलं. काकूंनी एका शब्दाने हटकलं नाही. ते मी मुद्दाम सांगून ठेवतो.

अधिकारीण आली. सीतादेवी नाव. चाळिशीची, शांत, पायांत साध्या चपला, त्या तिने उंबऱ्याबाहेर काढल्या. खिडकी पाहिली, कठडा हलवून पाहिला, मोरीत वाकून पाहिलं. पोरांना नावं विचारली. कस्तुरीने तिचं बोट धरलं आणि घर दाखवायला तीच पुढे झाली. सीतादेवी हसली. म्हणाली, "बहुत अच्छा रखा है आपने, माँजी. सच कहूँ तो ऐसा घर मैंने इधर नहीं देखा."

काकूंचा जीव भांड्यात पडला. आणि जीव भांड्यात पडला की माणूस गप्पा मारायला लागतो. "आप कहाँ की हैं?" त्यांनी सहज विचारलं.

"यहीं की. मणिकर्णिका की. पिताजी वहीं चिता का काम करते थे. भाई अब भी करते हैं."

तिने ते कुठलाही आडपडदा न ठेवता सांगितलं. काकूंनी मान डोलावली. चेहऱ्यावर काही दिसलं नाही, असं त्यांना वाटलं. मग सीतादेवी म्हणाली, "चलिए, रसोई देख लूँ," आणि वळली. कस्तुरी तिच्याआधी पळत आत गेली. सीतादेवीचं एक पाऊल उंबऱ्यावर आलं आणि काकूंचा हात आपोआप पुढे झाला. दाराच्या चौकटीला लागला. आडवा.

"भीतर नहीं," काकू म्हणाल्या. "सोवळं... सोवळा है."

सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तसं झालं. पस्तीस वर्षं जो हात आडवा होत होता, तो एका रात्रीच्या निश्चयाने कसा वळणार? पण मी काकूंची बाजू घेत नाही. कारण त्याच क्षणी देवश्री नायलॉनच्या साडीत, हातात चहाचा ट्रे घेऊन, स्वयंपाकघरातून बाहेर आली. काकूंच्या अंगावर तर सोवळ्याचं सूतही नव्हतं. सीतादेवीने देवश्रीकडे पाहिलं, काकूंच्या पातळाकडे पाहिलं, मग त्या हाताकडे. पाऊल मागे घेतलं.

काकूंनी झटकन हात काढला. "नाही, नाही... आइए, आइए ना. ग़लती से..."

"रहने दीजिए."

आतून कस्तुरी पीठ लागलेल्या हातांनी बाहेर आली, पुन्हा आत गेली. सीतादेवी तिच्याकडे बघत होती. "इसकी जात मालूम है आपको?"

"बच्चों को कुछ नहीं लगता," काकू घाईघाईने म्हणाल्या. "हमारे में बच्चों को विटाळ नहीं होता."

"और जब बड़ी होगी? कल इसका बाप लौट आए और कहे कि वो भी घाट पर मेरे भाई के साथ लकड़ी उठाता है, तब? तब भी यह इस रसोई में जाएगी?"

काकूंना बोलायचं होतं. हो म्हणायचं होतं. त्यांनी मनात तिला पंधरा वर्षांची, वीस वर्षांची करून पाहिली, त्या चुलीपुढे, आणि सीतादेवीसारखाच चेहरा तिला देऊन पाहिला. एका शब्दाचं काम होतं आणि तो शब्द ओठांवर येईना. खोटं बोलायची सवय नसलेल्या माणसाचे असे हाल होतात. दिनानाथ जिन्यात उभा होता. त्याने कपाळावर हात मारून घेतला. सीतादेवीने बराच वेळ वाट पाहिली. चहा निवला. मग ती वळली, चपला घातल्या आणि गेली.

परवाना नाकारल्याचं पत्र आलं. स्वयंपाकघर पाहू दिलं नाही, असं कारण होतं. ते अक्षरशः खरं होतं. दिनानाथ दोनदा जाऊन हात जोडून आला. शेवटी काकू स्वतः गेल्या. आयुष्यात कधी सरकारी कचेरीची पायरी न चढलेली ती बाई टेबलासमोर उभी राहिली आणि सगळ्यांदेखत सीतादेवीच्या पायांकडे वाकली. सीतादेवीने त्यांना मध्येच धरलं.

"माँजी, मैं नाराज़ नहीं हूँ. बदला भी नहीं ले रही," ती हळू आवाजात म्हणाली. "मुझे तो आदत है. स्कूल में पड़ी, दफ़्तर में पड़ी. इस बच्ची को क्यों पड़े? वो भी अपने ही घर में?"

परत येताना काकू पंचगंगा घाटाच्या बाजूने चालत आल्या, पायऱ्यांवर बसल्या आणि ओरडून रडल्या. घाटावर रडणाऱ्या बाईकडे काशीत कुणी बघत नाही.

कस्तुरीला बालगृहात न्यायला सीतादेवी स्वतःच आली, बरोबर एक महिला शिपाई. दुपारची वेळ होती. कस्तुरी स्वयंपाकघरात वरण-भात जेवत होती. काकू भरवत होत्या, पाच वर्षांच्या मुलीला, घास घास. दारात चाहूल लागली तशा त्या उठल्या, बाहेर आल्या, आणि स्पष्ट म्हणाल्या, "भीतर आइए. बैठिए. दो कौर आप भी खाइए."

त्यांच्या मनातून आलं होतं ते. शंभर टक्के आलं होतं. पण सीतादेवीने मान हलवली. "मैं यहीं ठीक हूँ. उसे खा लेने दीजिए."

कस्तुरीला ही पाहुणी आवडली होती. ती उष्ट्या हातांनीच आली आणि सीतादेवीचा हात ओढू लागली. "चलो ना, अंदर चलो! पोळी पण आहे." सीतादेवी हलली नाही. तिने पदराच्या टोकाने मुलीचं तोंड पुसलं. कस्तुरी तिला ओढत राहिली, मग दमली आणि काकूंकडे वळली.

"काकू, ही आत का येत नाही?"

देवश्री असती तर काहीतरी गोड थाप मारली असती. दिनानाथ मागे उभा होता, तो डोळ्यांनी खुणावत होता, सांगा काहीही. काकू खाली बसल्या. पोरीचे दोन्ही खांदे धरले.

"मी येऊ दिलं नव्हतं म्हणून," त्या म्हणाल्या.

"का?"

कस्तुरीने एकदा काकूंकडे, एकदा सीतादेवीकडे पाहिलं. शिपाईबाईने दारातून हाक मारली, नाव घाटाला लागली होती. नावेत बसायचं म्हटल्यावर पोरगी प्रश्न विसरली, सीतादेवीचं बोट धरलं आणि उड्या मारत पायऱ्या उतरू लागली. काकू तिथंच, स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी, बसून राहिल्या.